सगळे गेले, नादिरा राहिली

सुरुवातीलाच कबूल करते. मी पहिलीपासून कॉन्व्हेंटमध्ये शिकले. मराठीचा पेपर म्हणजे आमच्याकडे कसाबसा पास व्हायचा विषय. त्यामुळे ऱ्हस्व-दीर्घ चुकले असेल तर सांभाळून घ्या. पण हा लेख मला इंग्रजी विभागात द्यायचाच नव्हता, कारण तो माझ्या आबाजींना वाचता यायला हवा. या लेखाचं मूळ त्यांच्यातच आहे.

माझं गाव सावली. चंद्रपूरहून मूल, मूलहून सावली, आणि तसंच पुढे जाऊन वैनगंगा ओलांडली की गडचिरोली. दिवाळी झाली, धान निघाला की आमच्याकडे गावोगाव मंडई भरते आणि मंडई म्हटली की रात्रीचं नाटक आलंच. झाडीपट्टीचं नाटक ज्यांनी पाहिलं नाही त्या बाहेरगावच्या मित्रांसाठी सांगते. हे नाटक रात्री उशिरा सुरू होतं आणि पहाटे संपतं. अंगावर ब्लँकेट घेऊन अख्खं गाव बसतं. त्यात एक हिरो, एक हिरॉईन, एक विनोदी पात्र आणि एक घर फोडणारी बाई असते. ही बाई बहुतेक शहरातली दाखवतात. गॉगल, ओठांवर लाल लिपस्टिक, तोंडात चार इंग्रजी शब्द. ती स्टेजवर आली की पुढे बसलेल्या म्हाताऱ्या तिला शिव्या घालतात. मी सात-आठ वर्षांची असताना अशाच एका बाईचा मला फार राग आला होता. दुसऱ्या दिवशी सकाळी तीच बाई बसस्टँडवर चहात पाव बुडवून आपल्या लहान मुलाला भरवत होती. मी बघतच राहिले.

आता गंमत ऐका. आमच्या कॉलेजच्या गॅदरिंगमध्ये पहिल्या वर्षापासून मला हाच रोल मिळतो! दरवर्षी मी मॅडम. कारण काय, तर मी कॉन्व्हेंटची, इंग्रजी फाडफाड बोलते. घरी धान रोवायला चिखलात उतरणारी मुलगी मी, पण स्टेजवर माझ्या हातात पर्स आणि डोळ्यांवर गॉगल. तिसऱ्या वर्षीही तेच झालं तेव्हा मी चिडून आबाजींना फोन केला. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि हसत म्हटलं की मग तू आमची नादिराच झालीस. मी विचारलं, कोण नादिरा? तर ते गप्पच झाले. त्यांनी तरुणपणी तंबूतल्या टुरिंग टॉकीजमध्ये पाहिलेली बाई त्यांच्या नातीला माहीतच नाही, याचं त्यांना वाईट वाटलं असावं.

त्या रात्री मी असाइनमेंट बाजूला ठेवून मोबाईलवर ‘श्री ४२०’ पाहिला. मग ‘आन’. मग ‘ज्यूली’. मग तिच्याबद्दल सापडेल ते वाचत गेले. त्यातून हे लिहिते आहे.

नादिराचं खरं नाव फ्लॉरेन्स इझिकेल. जन्म ५ डिसेंबर १९३२, बगदादचा. म्हणजे इराकची राजधानी. घराणं ज्यू. ती अगदी लहान असताना कुटुंब मुंबईला आलं आणि तिचं सगळं आयुष्य मग मुंबईतच गेलं.

बगदादचे ज्यू आणि मुंबई हे ऐकायला विचित्र वाटेल, मलाही वाटलं होतं. पण पुण्याचं ससून हॉस्पिटल आपल्याला माहीत असतं, मुंबईचा ससून डॉक माहीत असतो. हे ससून म्हणजे कोणी इंग्रज नव्हेत बरं का! डेव्हिड ससून हे बगदादचे ज्यू व्यापारी. तिथल्या राज्यकर्त्यांच्या छळाला कंटाळून ते निघाले आणि १८३२ साली मुंबईला आले. त्यांच्या मागोमाग बगदादची कितीतरी कुटुंबं आली. भायखळ्याला आणि फोर्टमध्ये त्यांची प्रार्थनास्थळं आहेत. पुण्याच्या कॅम्पातलं लाल देऊळ तेही त्यांचंच. आपल्या कोकणातले बेने इस्राएल मात्र वेगळे. ते शेकडो वर्षांपासून इथले, घरी मराठी बोलणारे. ते तेलाचे घाणे चालवायचे आणि शनिवारी काम बंद ठेवायचे, म्हणून लोक त्यांना शनवार तेली म्हणत. ‘बूट पॉलिश’मधला जॉनचाचा आठवतो का? ते डेव्हिड या बेने इस्राएल समाजाचे. बगदादी ज्यू मात्र घरात अरबी आणि नंतर इंग्रजी बोलत. म्हणजे मुंबईत राहूनही मुंबईपासून थोडे लांबच.

सिनेमाच्या सुरुवातीच्या काळात चांगल्या घरच्या हिंदू-मुसलमान मुली पडद्यावर यायला तयार नव्हत्या. तेव्हा ज्यू आणि अँग्लो-इंडियन मुलींनीच ती जागा भरून काढली. मूकपटांची राणी सुलोचना म्हणजे पुण्यात जन्मलेली रूबी मायर्स. १९४७ ची पहिली मिस इंडिया प्रमिला म्हणजे कोलकात्याच्या बगदादी ज्यू घरातली एस्थर अब्राहम. गोरा रंग, धीट वागणं, कॅमेऱ्याची भीती नाही. मूकपट होते तोवर भाषेचा प्रश्नच नव्हता. बोलपट आल्यावर हिंदी-उर्दू शिकावी लागली आणि त्यात काहीजणी मागे पडल्या.

नादिरा यांच्या पुढच्या पिढीतली. दिग्दर्शक मेहबूब खान तेव्हा ‘आन’ची तयारी करत होते. राजकन्येच्या भूमिकेसाठी आधी नर्गिस होती, पण ते जमलं नाही. मेहबूब यांच्या पत्नी सरदार अख्तर यांनी या ज्यू मुलीला पुढे आणलं. फ्लॉरेन्सची नादिरा झाली. नादिरा म्हणजे दुर्मिळ. त्या काळात नाव बदलणं ही रीतच होती. समोरचा हिरो दिलीप कुमार हाही मुळात युसूफ खानच होता ना!

‘आन’ १९५२ साली आला तेव्हा ती एकोणीस वर्षांची होती. एकोणीस! आपण त्या वयात फर्स्ट इयरची एम-टू सोडवण्यासाठी धडपडत असतो. हा सिनेमा १६ मिलिमीटरच्या गेवाकलर फिल्मवर शूट केला आणि मग त्याच्या मोठ्या टेक्निकलर प्रिंट काढल्या. म्हणजे छोट्या निगेटिव्हवरून मोठा पडदा भरायचा. आपल्या भाषेत सांगायचं तर लो रेझोल्यूशनचं एनलार्जमेंट. तरीही त्यातले रंग आज बघताना डोळे दिपतात. सिनेमा देशात तर चाललाच, त्याच वर्षी लंडनमध्येही लागला.

गोष्ट मला आवडली नाही हे मात्र लिहायलाच हवं. हिरो आधी मस्तवाल घोड्याला ताळ्यावर आणतो आणि नंतर मस्तवाल राजकन्येला. तिला उचलून खेड्यात नेतो, कामाला लावतो, आणि मग तिचं प्रेम बसतं. घोडा आणि बाई यांच्यात फरकच नाही! पण नादिरा त्यात अशी काही उभी राहते की शेवटी ती नमते तेव्हा आपल्याला आनंद होत नाही, हुरहूर लागते. तिची ती एक भुवई! एकच वर जाते, दुसरी जागची हलत नाही. दिग्दर्शकाने तिला गर्विष्ठ दाखवलं, पण मला तरी त्यात गर्वापेक्षा ताठपणा जास्त दिसला.

आता पहिल्याच सिनेमात दिलीप कुमारची हिरॉईन, म्हणजे पुढे लाईन लागायला हवी ना? काही वर्षं तसं झालंही. ‘नग्मा’मध्ये अशोक कुमार, ‘डाकबाबू’मध्ये तलत महमूद. पण १९५५ साली ‘श्री ४२०’ आला आणि सगळं बदललं.

राज कपूरच्या या सिनेमात अलाहाबादहून मुंबईत आलेल्या तरुणासमोर दोघीजणी आहेत. एक विद्या, दुसरी माया. नावं अशी ठेवली की प्रेक्षकाला डोकं चालवायची गरजच नाही. विद्या म्हणजे नर्गिस, गरीब शिक्षिका, साधी साडी. माया म्हणजे नादिरा. अंगाला घट्ट बसलेला चमकता गाऊन, हातात लांब सिगारेट होल्डर, श्रीमंतांची पार्टी. राजूने मागे वळून विद्येकडे पाहू नये, पुढेच जावं, असं सांगणाऱ्या गाण्यावर माया नाचायला लागते. आवाज आशा भोसले आणि पुढे मन्ना डे यांचा, संगीत शंकर-जयकिशनचं. गाणं सगळ्या देशाच्या तोंडी झालं. आबाजी म्हणतात की तंबूत हे गाणं लागलं की मागून शिट्ट्या आणि पुढून शिव्या एकाच वेळी यायच्या.

एक गोष्ट माझ्या लक्षात आली ती सांगते. त्याच सिनेमात केळी विकणारी प्रेमळ गंगामाई आहे. ती केली आहे आपल्या येवल्याच्या ललिता पवार यांनी. आपल्याला ललिताबाई म्हणजे छळणारी सासू एवढंच माहीत. पण त्यांना गंगामाई मिळाली, आणि पुढे ‘अनाडी’मध्ये मिसेस डिसा मिळाली. ओरडणारी पण पोटात माया असलेली ख्रिश्चन घरमालकीण, त्या भूमिकेला फिल्मफेअर अवॉर्डही मिळालं. म्हणजे येवल्याच्या बाईला ख्रिश्चन मावशी होता आलं, पण बगदादच्या मुलीला गावची गंगामाई होता आलं नाही. तिला कोणी विचारलंच नसेल. तिचा चेहरा, रंग, इंग्रजी वळणाचे उच्चार, हे सगळं बघून लोकांनी ठरवून टाकलं की ही बाहेरची. आणि बाहेरची म्हणजे वाईट.

थोडं थांबून बघा, पन्नास-साठच्या दशकातल्या सिनेमात सिगारेट ओढणाऱ्या, क्लबात नाचणाऱ्या बायका कोण करत होत्या? हेलन ब्रह्मदेशातून आलेली, लहानपणी महायुद्धात आईबरोबर पायी भारतात पोचलेली. नादिरा बगदादची. देश नवीनच स्वतंत्र झाला होता, चांगली भारतीय स्त्री कशी असते हे पडद्यावर ठरत होतं. ती कशी नसते हे दाखवायलाही कोणीतरी लागत होतं. ते काम या मुलींकडे आलं. माझ्या गॅदरिंगच्या गॉगलचं मूळ कुठे आहे ते मला तेव्हा कळलं!

‘श्री ४२०’नंतर नादिराकडे मायासारख्याच भूमिकांचा ढीग पडला. तिने बऱ्याच नाकारल्या, काही काळ घरी बसून काढला. पण हिरॉईनची भूमिका घेऊन फारसं कोणी आलं नाही. शेवटी जे मिळेल त्यात काम सुरू झालं. एका यशस्वी भूमिकेने करिअर संपतं, असं मी तरी दुसऱ्या कोणाच्या बाबतीत ऐकलेलं नाही. इथे मात्र हिरॉईन संपली आणि सहायक अभिनेत्री सुरू झाली, तीही वयाच्या तेविसाव्या वर्षी.

खाजगी आयुष्याबद्दल फार लिहीत नाही. ‘नग्मा’वाले शायर नक्शब यांच्याशी तिने लग्न केलं, ते टिकलं नाही. नंतर आणखी एक लग्न झालं, ते तर सुरू व्हायच्या आत संपल्यासारखंच. मूलबाळ नव्हतं. मासिकांनी या सगळ्यावर भरपूर लिहिलं आहे, ज्यांना हवं त्यांनी शोधावं. रोल्स रॉईस गाडी घेणाऱ्या पहिल्या नट्यांमध्ये ती होती असंही सांगतात. मला तिच्या भूमिका जास्त महत्त्वाच्या वाटतात.

१९६० चा ‘दिल अपना और प्रीत परायी’ घ्या. डॉक्टर राज कुमार, नर्स मीना कुमारी, दोघांचं एकमेकांवर प्रेम. पण उपकाराच्या ओझ्याखाली डॉक्टरला दुसऱ्याच मुलीशी लग्न करावं लागतं. ती मुलगी कुसुम, म्हणजे नादिरा. बोटीवरच्या पार्टीत मीना कुमारी गाते, सगळे तिच्या डोळ्यांकडे बघतात. मी मुद्दाम नवरीकडे बघत बसले. लग्न करून आलेली बाई, नवऱ्याचं मन दुसरीकडे, आणि हे तिला कोणी सांगितलेलंही नाही. पुढे ती आदळआपट करते, वाईट वागते, शेवटी गाडीसकट दरीत जाते. सिनेमा म्हणतो सुटलो! पण तिचं चुकलं काय होतं? फसवणूक तिचीच झाली होती. तिची बाजू त्या सिनेमात एकच माणूस मांडतो, ती स्वतः नादिरा, आणि तेही संवाद नसताना.

‘पाकीजा’ १९७२ साली आला, त्यात ती कोठ्याची मालकीण गौहरजान. भूमिका मोठी नाही. पण पान खाताना, हिशेब करताना, नवीन गिऱ्हाईक जोखताना ती जे बघते ते बघण्यासारखं आहे. उर्दू इतकी सफाईदार की ही घरात इंग्रजी बोलणारी बाई आहे यावर विश्वास बसत नाही. माझ्यासारख्या कॉन्व्हेंटवाल्यांनी यातून काय ते घ्यावं!

आणि मग १९७५ चा ‘ज्यूली’. मूळ मल्याळी सिनेमा ‘चट्टक्कारी’, हिंदीतही दिग्दर्शक तेच, के. एस. सेतुमाधवन. लोकांना लक्ष्मी आठवते, गाणी आठवतात, छोटी श्रीदेवी आठवते. मला आठवते ती मार्गारेट, ज्यूलीची आई. अँग्लो-इंडियन घर. वडील ओम प्रकाश, रेल्वेचे इंजिन ड्रायव्हर, संध्याकाळी बाटली घेऊन बसणारे. मार्गारेटच्या डोक्यात एकच, इंग्लंडला जायचं. हा देश आपला नाही, आपले लोक तिकडे आहेत, असं तिला वाटतं. तिने इंग्लंड कधी पाहिलेलं नाही, पण तिकडे सगळं छान असणार याची तिला खात्री आहे. आणि लग्नाआधी मुलीला दिवस गेल्याचं कळतं तेव्हा हीच कडक, कटकटी आई आधी कोसळते, मग मुलीला दूर पाठवते, बाळंतपण गुपचूप पार पडू देते, जगाला पत्ता लागू देत नाही. राग, लाज, प्रेम, सगळं त्या एका चेहऱ्यावर. तिथे गाऊन नाही, सिगारेट होल्डर नाही. साधा फ्रॉक आणि थकलेलं शरीर. या भूमिकेसाठी तिला १९७६ साली सहायक अभिनेत्रीचं फिल्मफेअर अवॉर्ड मिळालं. पहिल्या सिनेमानंतर चोवीस वर्षांनी.

आता मला जे सगळ्यात जास्त लागलं ते सांगते.

ज्या बगदादमध्ये ती जन्मली तिथे १९४१ साली ज्यूंवर मोठा हल्ला झाला. १९५० आणि ५१ या दोन वर्षांत इराकमधले एक लाखाहून जास्त ज्यू विमानांनी इस्राएलला गेले. अडीच हजार वर्षांची वस्ती दोन वर्षांत उठली. ‘आन’ तयार होत होता तोच हा काळ. म्हणजे माघारी जायला घर उरलंच नव्हतं. इकडे भारतात ज्यूंना कोणी त्रास दिला नाही. तरीही ते जात राहिले. कोणी इस्राएलला, कोणी इंग्लंडला, कोणी अमेरिकेला. स्वातंत्र्याच्या वेळी देशात वीस-पंचवीस हजार ज्यू असतील, आता अंदाजे पाच हजारच आहेत. कोणी हाकललं नाही, फक्त शेजारचं घर रिकामं झालं, मग त्याच्या शेजारचं. नादिराच्या घरातही तेच झालं. एक भाऊ इस्राएलला, एक अमेरिकेला.

पडद्यावर इंग्लंडला जायचा ध्यास घेणारी मार्गारेट तिने केली, पण स्वतः मात्र गेली नाही. इंग्रजी उत्तम होतं, भाऊ परदेशात होते, मूलबाळ नव्हतं, अडवणारं कोणी नव्हतं. तरीही मुंबई सोडली नाही. जिला आयुष्यभर बाहेरची म्हणून भूमिका दिल्या तीच इथे राहिली.

हे वाचलं तेव्हा आमच्या हॉस्टेलमध्ये प्लेसमेंटचा सीझन होता. रोज एकच चर्चा. पुणे की बंगलोर, मग तिथून जर्मनी की कॅनडा. माझा मोठा भाऊ पुण्यात आहे, मामेबहीण कॅनडात. मीही अर्ज भरते आहे, खोटं कशाला बोलू! सावलीला इंजिनिअरने करायचं काय, हा प्रश्न आहेच. पण आमच्या गल्लीत संध्याकाळी दिवा लागणारी घरं मी या दिवाळीत मोजली. आबाजींच्या वयाची माणसं आणि कुलूप. आबाजींना मी विचारलं की तुम्ही पुण्याला का येत नाही. त्यांनी उत्तर दिलं नाही, म्हशीला पाणी पाजायला निघून गेले. नादिरालाही हा प्रश्न कितीजणांनी विचारला असेल!

उतारवयात ती काम करतच राहिली. ‘सागर’मध्ये मिस जोसेफ. १९९९ मध्ये इस्माईल मर्चंट यांच्या ‘कॉटन मेरी’ या इंग्रजी सिनेमात, तोही अँग्लो-इंडियन लोकांवरचाच. २००० साली ‘जोश’मध्ये, शाहरुख आणि ऐश्वर्याच्या गोव्यात. या वेळी भूमिका एवढीशी. बहुतेक भूमिकांमध्ये ती कुठली तरी मिस नाहीतर मिसेस. घरी तिच्याकडे पुस्तकं खूप होती आणि ती सतत वाचत असे. सोबतीला मोजके मित्र आणि कामाला येणारी बाई.

शेवटी आजारपण लांबलं. ९ फेब्रुवारी २००६ रोजी मुंबईत ताडदेवच्या भाटिया हॉस्पिटलमध्ये ती गेली. वय ७३.

मी सुट्टीत घरी गेले तेव्हा आबाजींना मोबाईलवर ‘ज्यूली’ लावून दिला. त्यांनी तो पाहिला नव्हता, त्यांची नादिरा ‘श्री ४२०’वरच थांबली होती. बराच वेळ ते तिला ओळखेनात. मी सांगितलं की ही आईच नादिरा आहे. त्यांनी चष्मा पुसून परत लावला, मोबाईल डोळ्यांजवळ नेला आणि मग पूर्ण सिनेमा संपेपर्यंत खाली ठेवला नाही.

या वर्षीच्या गॅदरिंगची प्रॅक्टिस सुरू झाली आहे. रोल तोच, मॅडम. या वेळी मी भांडले नाही, फक्त गॉगल नको म्हणून सांगितलं. रोज आरशासमोर उभी राहते. दोन्ही भुवया एकदमच वर जातात, एकटी अजून जात नाही.